‘विदाऊट डोंगल, १००% वर्किंग’: फ्लॅशिंग टूलच्या क्रॅकबद्दल जरा बोलू

लेखक: तारजोडणी
विभाग: तंत्र आणि यंत्र

यूट्यूबवर मोबाईल दुरुस्तीच्या टूलचं क्रॅक (पैसे न देता चालणारी फोडलेली आवृत्ती) शोधा. व्हिडिओ कुणाचाही असो, सूचना ठरलेल्या असतात. आधी अँटिव्हायरस बंद करा. विंडोज डिफेंडरमध्ये सी ड्राइव्ह एक्सक्लूजनमध्ये (तपासू नये अशा यादीत) टाका. ड्रायव्हरची सही तपासणं बंद करा. फाइल टेलिग्राम चॅनलवरून घ्या, पासवर्ड १२३४. मग ‘रन अ‍ॅज अ‍ॅडमिनिस्ट्रेटर’. खाली कमेंटमध्ये ‘भाई वर्किंग’ म्हणून हात जोडलेले.

मी सांगली-मिरज भागात छोट्या दुकानांचे कॉम्प्युटर बघतो. झेरॉक्सवाले, मेडिकल, एखाद-दुसरं सीए ऑफिस आणि मोबाईल रिपेअरिंगची दुकानं. सगळ्यात घाण झालेली मशीन याच शेवटच्या गटात सापडतात. हे लोक अडाणी अजिबात नाहीत. सूक्ष्मदर्शकाखाली चार्जिंग आयसी बदलणारा माणूस अडाणी कसा असेल? पण त्यांचा धंदाच असा आहे की वरच्या सूचना त्यांना विचित्र वाटेनाशा झाल्यात.

ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी: फोन लोगोवर अडकला, पॅटर्न विसरला, जुनं गुगल खातं मागतोय (ही एफआरपीची, रीसेटनंतर लागणाऱ्या कुलपाची, भानगड अँड्रॉइड ५.१ पासून, म्हणजे २०१५ पासूनची), की दुकानदार फोन केबलने पीसीला लावून त्याचं फर्मवेअर (फोन चालवणारं मूळ सॉफ्टवेअर) नव्याने लिहितो किंवा त्यातला काही भाग बदलतो. हेच फ्लॅशिंग. यासाठी कंपन्यांची बॉक्स, डोंगल (टूल विकत घेतल्याची खूण म्हणून पीसीला लावायची यूएसबी किल्ली) किंवा लॉगिनवर चालणारी टूल मिळतात. ती विकत घ्यावी लागतात. क्रॅकवाला ‘लोडर’ देतो, जो टूलला डोंगल लावलंय असं भासवतो.

एका दुकानातून सकाळी बोलावणं आलं की बिलांच्या फाइली उघडत नाहीत. बघतो तर प्रत्येक फाइलच्या नावाला चार अक्षरांचं नवं शेपूट आणि प्रत्येक फोल्डरात ‘रीडमी’ नावाची चिठ्ठी: ९८० डॉलर भरा, ७२ तासांत संपर्क साधलात तर ४९०. स्टॉप उर्फ डीजेव्हीयू नावाचं रॅन्समवेअर, म्हणजे फाइली कुलूपबंद करून खंडणी मागणारा व्हायरस. २०१८ पासून फिरतंय आणि त्याचा नेहमीचा रस्ता क्रॅक आणि कीजेन (खोटे लायसन्स नंबर बनवणारे प्रोग्राम) हाच. एम्सिसॉफ्ट या सुरक्षा कंपनीने ऑक्टोबर २०१९ मध्ये त्याच्या १४८ प्रकारांसाठी फुकट डिक्रिप्टर (फाइली परत उघडून देणारा प्रोग्राम) काढला होता. पण नंतरच्या प्रकारांत ऑनलाइन की (हल्लेखोराच्या सर्व्हरवरून आलेली किल्ली) वापरली गेली असेल तर तो चालत नाही, आणि इथे तीच होती. आदल्या संध्याकाळी काय टाकलं विचारल्यावर लोडर दाखवला. गिऱ्हाईकांचे फोटो-कॉन्टॅक्टचे बॅकअप त्याच डिस्कवर. ते लोक आता दुकानात येऊन भांडतायत.

माझं म्हणणं एवढंच आहे की या क्रॅकला दोन चाव्या एकदम दिल्या जातात. एक दुकानाच्या पीसीची आणि दुसरी समोरच्या माणसाच्या फोनच्या अगदी तळघराची. दुसरी चावी ज्याची, त्याला कुणी विचारलेलंच नसतं. इथे रिपेअरिंगवाले आणि सिक्युरिटीवाले दोन्ही आहेत, म्हणून धागा.

---

हॉटएअर
नाशिकमध्ये दुकान आहे, म्हणून राग न आणता दुसरी बाजू मांडतो.

तारजोडणी भाऊ, ओरिजिनल टूल म्हणजे एकदा पैसे दिले की सुटलो असं नाही. डोंगल घ्या, मग दरवर्षी अ‍ॅक्टिव्हेशन, मग काही कामांना वेगळे क्रेडिट. मीडियाटेक चिपला एक टूल चांगलं, क्वालकॉम चिपला दुसरं, सॅमसंगला तिसरं. गिऱ्हाईक तीनशे रुपयांत ‘सॉफ्टवेअर मारून द्या’ म्हणतं आणि तेही ‘नंतर देतो’. शिवाय एखाद्या कंपनीने सर्व्हरच बंद केला तर विकत घेतलेलं डोंगल म्हणजे पेपरवेट. ही फसवणूक कुणाच्या खात्यात टाकायची?

क्रॅकमध्ये व्हायरस असतो हे आम्हालाही माहीत असतं हो. पण ओरिजिनल टूलवरसुद्धा अँटिव्हायरस ओरडतोच. मग फरक कळणार कसा?

---

प्राजक्ता_सोक
हॉटएअर, तुमचा शेवटचा प्रश्न फार योग्य आहे, आणि व्हायरसवाल्यांना हे धंदे आवडण्याचं कारणही नेमकं तेच.

ही टूल विकणारे आपला कोड कुणी फोडू नये म्हणून व्हीएमप्रोटेक्ट, थेमिडा असल्या कवचात गुंडाळतात. मालवेअरवालेही तेच कवच वापरतात. अँटिव्हायरसला आतलं दिसत नाही, म्हणून तो दोघांवर भुंकतो. वर ही टूल यूएसबीशी खालच्या पातळीवर बोलतात, जुने सही नसलेले ड्रायव्हर टाकतात. अशा वापरकर्त्याला ‘इशारा आला तर दुर्लक्ष कर’ ही सवय आधीच लागलेली असते. हल्लेखोराचं निम्मं काम झालेलं.

पासवर्ड १२३४ सुद्धा उगाच नसतो. पासवर्ड लावलेली झिप ब्राउझरला किंवा मेलच्या स्कॅनरला उघडता येत नाही. कधी उघडल्यावर आतली एक्झी (प्रोग्रामची फाइल) सातशे-आठशे एमबीची निघते. आत बहुतेक नुसते शून्य भरलेले. फाइली तपासून देणाऱ्या व्हायरसटोटल साइटची मर्यादा ६५० एमबी, म्हणजे तपासायला टाकताच येऊ नये अशी सोय.

रॅन्समवेअर निदान तोंडावर सांगून जातं. मी पुण्यात ज्या टीममध्ये आहे तिथे आम्हाला जास्त त्रास इन्फोस्टीलरचा, म्हणजे गुपचूप माहिती चोरणाऱ्या व्हायरसचा होतो. रेडलाइन, विदार, लुमा ही त्यातली नावं. टूल उघडतं, कामही करतं, आणि मागच्या मागे ब्राउझरमध्ये साठवलेले पासवर्ड, कुकीज (लॉगिन लक्षात ठेवणाऱ्या फाइली), टेलिग्रामचं सेशन, क्रिप्टो वॉलेट असं सगळं मिनिटभरात बाहेर जातं. कुकी चोरली की ओटीपी लागत नाही, कारण तुम्ही आधीच लॉगिन केलेलं असतं. दुकानदार म्हणतो, ‘पीसी एकदम ओके आहे.’ महिन्याभराने दुकानाचं जीमेल दुसऱ्याच देशातून उघडलं जातं आणि क्रॅकशी त्याचा संबंध कुणी लावतच नाही. मायक्रोसॉफ्टने मे २०२५ मध्ये लुमावर कारवाई केली तेव्हा त्यांच्या मोजणीत अवघ्या दोन महिन्यांत ३,९४,००० विंडोज मशीन बाधित निघाली होती.

स्टॉप-डीजेव्हीयूच्या सोबतही बऱ्याचदा विदार येतो. तेव्हा तारजोडणी, त्या दुकानदाराला सगळे पासवर्ड दुसऱ्या स्वच्छ मशीनवरून बदलायला सांगा आणि सगळी सेशन लॉगआउट करायला लावा. नुसता फॉरमॅट पुरणार नाही.

---

घाशीराम_नव्हे
क्रॅक विंडोजवर, क्रॅक अँटिव्हायरस बंद करून, क्रॅक टूल चालवायचं आणि शटरवर ‘ओरिजिनल पार्ट मिळतील’ असा बोर्ड. हलके घ्या.

---

तारजोडणी
प्राजक्ताताई, आभार. पासवर्ड बदलले होते, सेशन राहिली होती. आज कळवतो.

हॉटएअर, खर्चाचं तुमचं म्हणणं मान्य. सर्व्हर बंद करून गिऱ्हाईकाला वाऱ्यावर सोडणाऱ्यांची बाजू मी घेणार नाही. पण पीसीचं नुकसान तुमचं तुम्ही सोसता. फोनचं काय? त्यावर तुम्हीच लिहा, तुम्हाला माझ्यापेक्षा जास्त कळतं.

---

बंडूनाना
नमस्कार. मी निवृत्त माणूस, तुमचं अर्धं डोक्यावरून गेलं. माझा प्रश्न साधा आहे. माझा रेडमी हँग होत होता म्हणून दुकानात दिला. ‘सॉफ्टवेअर मारलं’ म्हणाले. आता फोन झकास चालतो, पण रेंज येत नाही आणि ‘इनव्हॅलिड आयएमईआय’ असं काहीतरी येतं. दुकानदार म्हणतो सिम बदला. सिम बदललं. आता म्हणतो बोर्ड गेला. हा तुमच्या क्रॅकचाच प्रकार का?

---

हॉटएअर
नाना, बोर्ड गेलेला नाही. दुकानदाराने काय केलंय ते इथे बसून सांगतो. टूल क्रॅक असेल-नसेल, पण चूक तीच जुनी.

फोनच्या मेमरीचे कप्पे असतात. सिस्टिमचा कप्पा पुन्हा लिहिता येतो, फाइल कंपनीच्या साइटवर असते. पण मीडियाटेकच्या फोनमध्ये एनव्हीरॅम आणि एनव्हीडेटा असे कप्पे असतात, त्यात त्या एकाच फोनचा आयएमईआय (फोनचा ओळख-क्रमांक), वायफायचा पत्ता आणि रेडिओचं कॅलिब्रेशन असतं. हे फॅक्टरीत प्रत्येक फोन वेगळा मोजून भरतात. कुठल्याही फर्मवेअर फाइलमध्ये ते मिळत नाही. टूलमध्ये ‘फॉरमॅट ऑल’ म्हणून बटण असतं. घाईत ते दाबलं की हे कप्पे कोरे. क्वालकॉममध्ये हेच मोडेमएसटी नावाच्या दोन कप्प्यांत, सॅमसंगला ईएफएसमध्ये.

आता क्रॅकचा भाग. नीट टूल लिहिण्याआधी मॉडेल ओळखतं आणि या कप्प्यांचा बॅकअप घ्यायला सुचवतं. क्रॅक बहुतेक जुन्या आवृत्तीचं असतं, त्यात नव्या चिपची नोंद नसते. पोरगं जवळचं कुठलंतरी मॉडेल निवडून ठोकून देतं. शाओमीने २०१८ मध्ये अँटी-रोलबॅक आणलं, म्हणजे ठराविक फोनवर जुनं फर्मवेअर टाकलं की फोन मेला. कंपनीच्या स्क्रिप्टमध्ये ते तपासणाऱ्या ओळी असतात. व्हिडिओत शिकवतात की त्या ओळी खोडा! मग फोन ईडीएलमध्ये (चिपच्या आणीबाणीच्या मोडमध्ये) अडकतो आणि तिथून काढायला कंपनीने मान्य केलेलं खातं लागतं. क्रॅककडे ते कुठून येणार?

पर्सिस्ट नावाचा कप्पा उडाला तर सेन्सर वेडेवाकडे चालतात, फिंगरप्रिंट बंद. सॅमसंगला अनधिकृत फर्मवेअर गेलं की नॉक्सचा, म्हणजे त्यांच्या सुरक्षा यंत्रणेचा फ्यूज कायमचा उडतो, सिक्युअर फोल्डर परत कधीच नाही. फॅक्टरी रीसेट करून यातलं काही सुधारत नाही. म्हणून आमच्याकडे पोरगं नवीन ठेवलं की पहिला नियम हाच: आधी बॅकअप, मग गप्पा.

---

बंडूनाना
धन्यवाद हॉटएअरजी. म्हणजे तो नंबर परत भरता येतो? दुकानदार आज म्हणाला की ‘दुसरा नंबर टाकून देतो, पाचशे रुपये द्या.’

---

हॉटएअर
नाना, नको! अजिबात नको. वकीलबाई येतीलच, पण थांबा.

---

अ‍ॅड_रेवती
आलेच. नाना, दुसरा नंबर टाकून घेऊ नका.

आयएमईआयशी छेडछाड रोखण्यासाठी २०१७ मध्ये वेगळे नियम आले. आता दूरसंचार कायदा २०२३ च्या कलम ४२ खाली दूरसंचार ओळख-क्रमांकात फेरफार केल्यास तीन वर्षांपर्यंत कैद किंवा ५० लाखांपर्यंत दंड किंवा दोन्ही. दुकानदार ‘रिपेअर’ म्हणो किंवा ‘रायटिंग’, फोनचा मूळ नंबर जाऊन दुसरा आला तर तो फेरफारच. आणि तो ‘दुसरा नंबर’ हवेतून येत नाही. कुणाच्यातरी फोनचा असतो. तो फोन चोरीला जाऊन ब्लॉक झाला तर तुमचाही बंद. तो गुन्ह्यात वापरला गेला तर पोलिस तुमच्याही दारात.

२०२० मध्ये मेरठ पोलिसांना एकाच आयएमईआयवर १३ हजारांहून जास्त फोन चालताना सापडले होते. तपास सुरू झाला तो दुरुस्तीवरून परत आलेल्या एका पोलिसाच्याच फोनवरून.

क्रॅकबद्दल: कॉपीराइट कायदा १९५७ च्या कलम ६३बी नुसार नक्कल आहे हे माहीत असून ते सॉफ्टवेअर कॉम्प्युटरवर वापरणं हाच गुन्हा. कमीत कमी सात दिवस ते तीन वर्षं कैद, ५० हजार ते दोन लाख दंड. घरगुती, बिननफ्याच्या वापराला न्यायालय सवलत देऊ शकतं. दुकान म्हणजे नफ्यासाठीच, तिथे ती पळवाट नाही. आणि बिल न बघता एफआरपी काढून दिलेला फोन चोरीचा निघाला तर भारतीय न्याय संहितेचं चोरीच्या मालाबद्दलचं कलम ३१७ आहेच.

रॅन्समवेअरवाल्या दुकानदाराने १९३० या हेल्पलाइनवर किंवा सायबर क्राइम पोर्टलवर तक्रार केली आहे का? बहुतेक लोक करत नाहीत, कारण ‘तुम्ही काय डाउनलोड केलं’ या प्रश्नाचं उत्तर द्यावं लागतं. तरी करा.

---

जुना_पंटर
अवांतर: रेवतीताईंच्या प्रतिसादावरून चायना मोबाईलचे दिवस आठवले. ३० नोव्हेंबर २००९ नंतर वैध आयएमईआय नसलेले फोन बंद करायचे ठरले, आणि तेव्हा सरकारच्याच परवानगीने केंद्रांवर खरा नंबर फोनमध्ये घालून देत होते. रांगा लागल्या होत्या. ती मुदत संपली, पण ‘नंबर टाकता येतो’ हे बाजाराने तिथे पक्कं शिकून घेतलं. नानांचा दुकानदार त्याच शाळेतला दिसतो.

---

डिझेलवेडा
मोबाईलचं मला कळत नाही, पण गाड्यांच्या ईसीयूमध्ये (इंजिन चालवणाऱ्या कॉम्प्युटरमध्ये) हीच कथा. रीमॅपसाठी, म्हणजे इंजिनची सेटिंग बदलण्यासाठी इटालियन कंपनीचं केस व्ही२ हे यंत्र होतं, त्याचे चिनी क्लोन ढिगाने आले. विकणाराच सांगतो की लॅपटॉप नेटला जोडू नका. जोडला की सॉफ्टवेअर ओळखतं आणि क्लोन लॉक होतो. म्हणजे आयुष्यभर अपडेट नाही. लिहिता लिहिता मध्येच अडकलं तर ईसीयू गप्प, गाडी टो करून न्यायची आणि ईसीयू उघडून टेबलावर जिवंत करायचा. मोबाईल निदान खिशात घेऊन परत जाता येतं.

हॉटएअर यांनी कंपन्यांचा विषय काढला म्हणून सांगतो, कंपन्याही साधुसंत नाहीत. ऑक्टोबर २०१४ मध्ये एफटीडीआय या यूएसबी चिप बनवणाऱ्या कंपनीने विंडोज अपडेटमधून असा ड्रायव्हर सोडला की नकली एफटीडीआय चिप दिसली की तिचा ओळख-क्रमांकच शून्य करायचा. कित्येकांच्या केबल एका रात्रीत मेल्या, आणि त्यातल्या बऱ्याच जणांना आपल्या केबलमध्ये नकली चिप आहे याचा पत्ताही नव्हता. आरडाओरडा झाल्यावर त्यांनी ड्रायव्हर मागे घेतला. नकली वस्तूच्या मालकाला धडा शिकवायला गेले आणि शेवटच्या माणसाला चेचलं.

---

प्राजक्ता_सोक
डिझेलवेडा, उदाहरण चपखल. पण त्यातून ‘मग क्रॅकच बरं’ असं निघत नाही. खरी कंपनी वाईट वागली तर निदान नाव माहीत असतं, बोंब मारता येते. टेलिग्राम चॅनलवाल्याला कुठे गाठणार? उद्या त्याने चॅनलचं नाव बदललं की तो गायब.

आणखी एक. क्रॅक टूलसोबत फर्मवेअर फाइलही तिथूनच घेतात. फाइल कुणी बदलली असेल तर मालवेअर सिस्टिमच्या कप्प्यातच जाऊन बसतं. एप्रिल २०२५ मध्ये कॅस्परस्कीने नकली अँड्रॉइड फोनच्या फर्मवेअरमध्येच बसवलेला ट्रायडा नावाचा व्हायरस सापडल्याचं सांगितलं होतं. रीसेट करूनही तो जात नाही, कारण रीसेट सिस्टिमच्या कप्प्याला हात लावत नाही. गिऱ्हाईक त्या फोनवर यूपीआय वापरत राहतं.

---

तारजोडणी
बऱ्याच जणांनी व्यनित (खासगी निरोपात) विचारलं की मग करायचं काय. मी दुकानांत जे लावून देतो ते सांगतो.

फ्लॅशिंगचा पीसी वेगळा. जुना चालेल. त्यावर दुकानाचं जीमेल नाही, बँक नाही, व्हॉट्सअ‍ॅप वेब नाही, ब्राउझरमध्ये एकही पासवर्ड साठवलेला नाही. स्वच्छ अवस्थेत डिस्कची इमेज (हुबेहूब प्रत) काढून ठेवायची आणि महिन्याला, किंवा शंका आली की लगेच, परत ओतायची. बिलिंगचा पीसी त्याच राउटरवर असेल तर निदान शेअर केलेले फोल्डर बंद. गिऱ्हाईकाचा डेटा बाहेरच्या डिस्कवर, आणि काम झालं की ती केबल काढलेली. हे ओरिजिनल टूल वापरणाऱ्यानेही करावं, कारण त्यांनाही अँटिव्हायरसकडून सूट द्यावी लागतेच.

आणि सगळ्या कामांना विकतचं टूल लागतं हा समज खोटा आहे. मीडियाटेकचं एसपी फ्लॅश टूल आहे, शाओमीचं स्वतःचं ‘मी फ्लॅश’ आहे. एमटीकेक्लायंट गिटहबवर मुक्तस्रोत आहे, त्याचा कोड उघडा आहे आणि ते अनेक मीडियाटेक चिपवर चालतं. हॉटएअर म्हणतात तो एनव्हीरॅमचा बॅकअप त्याने घेता येतो. कमांड लिहायची थोडी सवय लागते, एवढंच. ज्या कामाला खरंच डोंगल हवं, ते काम दोन-तीन दुकानदारांनी मिळून एका डोंगलवाल्याकडे पाठवावं. आमच्याकडे तिघे तसं करतात, कमिशन ठरलेलं आहे.

---

हॉटएअर
मिळून घ्यायची कल्पना चांगली आहे, आमच्या गल्लीत एकमेकांचं तोंड न बघणारे आहेत हा वेगळा भाग. एमटीकेक्लायंट विंडोजवर ड्रायव्हरसाठी फार छळतं. लिनक्सवर सोपं पडतं का?

---

तारजोडणी
बरंच सोपं. लिनक्सचा लाइव्ह पेनड्राइव्ह करा, दुकानाच्या पीसीची हार्डडिस्क माउंट न करता (म्हणजे तिला हात न लावता) त्यावरूनच बूट करा. मग सहीचे ड्रायव्हर, एक्सक्लूजन वगैरे प्रश्नच येत नाहीत. पण ज्या फोनवर पहिल्यांदा कराल तो गिऱ्हाईकाचा नको, भंगारातला घ्या. आणि फोन जोडल्यावर पहिली कमांड वाचण्याची, लिहिण्याची नाही.

---

बंडूनाना
मी आज दुकानात गेलो होतो. रेवतीताईंनी सांगितलेलं कलम सांगितलं, तर तो म्हणाला ‘काका, सगळे करतात.’ पण त्याच्याकडे बॅकअप आहे का असं विचारल्यावर गडबडला. मग म्हणाला, उद्या बघतो, कदाचित जुन्या पीसीवर असेल. असला तर त्याने भरलेला नंबर माझाच आहे हे मी कसं ओळखू?

---

अ‍ॅड_रेवती
नाना, फोनच्या खोक्यावर आणि बिलावर १५ आकडी नंबर छापलेला असतो. दोन सिमचा फोन असेल तर दोन. फोनवर *#०६# डायल करून तेच दोन्ही येतात का ते आकडा-आकडा जुळवा. मग केवायएम (KYM), मोकळी जागा आणि तो नंबर असा एसएमएस १४४२२ वर पाठवा, मॉडेल तुमचंच दाखवतंय का बघा. संचार साथी या सरकारी साइटवरही तपासता येतं. जुळलं नाही तर पैसे देऊ नका, फोन तसाच घ्या आणि बिल-खोकं घेऊन अधिकृत सर्व्हिस सेंटरला जा. आणि दुकानदाराकडून ‘फोन कशासाठी दिला होता, काय केलं’ एवढं कागदावर लिहून घ्या. सही घ्यायला विसरू नका.

---

हॉटएअर
आणि नाना, बॅकअप सापडला तर तो भरताना समोर बसा. दुसऱ्या रेडमीचा बॅकअप तुमच्या फोनमध्ये ओतला तर रेंज येईल, नंबर मात्र त्याचा असेल. नंबर जुळला की सिम टाकून एक फोन लावून बघा, वायफाय चालू करा, मगच उठा.